पाण्याखाली ठेवलेली नाव

माझं अक्षर वाईट आहे आणि ओळी उजवीकडे उतरत जातात, हे आधीच सांगून ठेवते. शाळा चौथीपर्यंत झाली. ऱ्हस्व कुठे आणि दीर्घ कुठे हे मला तेव्हाही कळलं नाही आणि आता कळायचं वय राहिलं नाही. जसं तोंडात येतं तसं लिहिते, आणि जन्म इंदुरात गेल्यामुळे तोंडात निम्मी हिंदीच येते. हे कुणाला दाखवायचं नाही. तरी चुकून कुणाच्या हाती लागलं तर त्यांनी हसावं, पण रागावू नये. चार माणसांत मला बोलता येत नाही म्हणून इथे बसले आहे.

मिल बंद पडली तेव्हा मुलीचं लग्न होऊन गेलेलं होतं, तेवढं एक बरं. घरात आम्ही दोघंच. हे कापडाच्या गाठी बांधायच्या खात्यात होते. सासरेही त्याच मिलमध्ये होते, जळगावकडून आले आणि इथलेच झाले. मिल नसलेलं घर कसं असतं हे ह्यांना माहीतच नव्हतं. भोंगा वाजायचा थांबला, तरी हे पाळीच्या वेळेला उठायचे, दाढी करायचे, इस्त्रीचा सदरा घालायचे, आणि मग पुढच्या खोलीत येरझारा. मी आत कणीक मळत असले तरी पाय ऐकू यायचे. थोड्या वेळाने मिलच्या फाटकावर जाऊन यायचे. तिथे असेच पुष्कळ जण बसलेले. कुणी म्हणे हिशोब मिळणार, कुणी म्हणे कोर्टात अडकला.

मग निरनिराळे धंदे झाले. ओळखीच्या एकाच्या एसटीडी फोनच्या बूथवर बसले. लोकांची भांडणं ऐकून डोकं उठतं म्हणून सोडलं. केळ्यांची गाडी लावली, पण गाडी एका कोपऱ्यावर उभी करवेना. रोज नवी जागा, त्यामुळे गिऱ्हाईक बांधलं जाईना. मला म्हणायचे, "तू का उगाच घाबरतेस, स्वस्थ बैस." मी बसायची. पण माझाही हात एका जागी राहत नव्हता. डबे उघडून बघायची, झाकायची, परत उघडायची. आत तेवढंच असायचं.

नावेचं वेड निमाडातून आलं. मिलमधल्या एका सोबत्याकडे लग्न होतं म्हणून हे गेले. महूच्या पुढे घाट उतरला की हवाच बदलते, ऊन अंगावर बसतं, आणि मग नर्मदा दिसते. पलीकडच्या काठाला सगळी मिरचीची शेतं. ती मिरची इंदूरला आणायची तर ट्रकला फार लांबच्या पुलावरून वळसा पडायचा. म्हणून पोती नावेत घालून अलीकडे आणायची आणि इथे ट्रक भरायचा. जाताना नाव रिकामी कशाला न्यायची, म्हणून तिकडे लागणारं खत, मीठ, सिमेंट, छपराचे पत्रे. लग्न आटोपलं तरी हे काठावर बसून तेच बघत राहिले. घरी आले ते बोलतच आले.

"अगं, चालतं काम आहे. ह्या काठाला भरायचं, त्या काठाला उतरवायचं. पोती बांधणं, रचणं, ते तर माझंच काम. एक म्हातारा नाव विकतोय. मुलं पिथमपूरला फॅक्टरीत लागली, घरात कुणी राहिलं नाही."

"तुम्हाला पोहता कुठे येतं?" मी विचारलं.

"मला कशाला पोहायचंय? पोती पोहतात का?"

पैसे वन्संनी दिले. वन्सं म्हणजे ह्यांची थोरली बहीण. लवकर विधवा झाल्या, मूलबाळ नाही, नगरपालिकेच्या शाळेत मास्तरीण होत्या. रिटायर झाल्यावरही बडा गणपतीजवळच्या त्याच भाड्याच्या खोलीत एकट्या राहायच्या. ह्यांनी नावेची गोष्ट काढली तेव्हा त्या तांदूळ निवडत होत्या.

"म्हणजे आजवर जमिनीवर धड उभा राहिला नाहीस, आता पाण्यात उभा राहणार," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या. "आणि तू गं? तुझं काही म्हणणं आहे की नाही? की तोंडात मिश्री धरली आहेस?"

मी मान खाली घातली. माझं म्हणणं होतं. पण ते जुळवून ओठांपर्यंत येईस्तोवर माणसं पुढच्या गोष्टीवर जातात. त्याच आठवड्यात वन्संनी फंडातले जवळजवळ सगळे पैसे काढून ह्यांच्या हातात ठेवले. चिठ्ठी नाही, मुदत नाही. नुसतं म्हणाल्या, "बुडू नकोस म्हणजे झालं."

नाव विकणाऱ्या म्हाताऱ्याला सगळे दाजी म्हणायचे, तिकडे वडीलधाऱ्या माणसाला तसंच म्हणतात. आम्हीही तेच म्हणू लागलो. नाव आमची झाली तरी वल्हं दाजींच्याच हातात राहिलं, खेपेमागे त्यांचा हिस्सा ठरला. हे पुढे उभे राहून पोती रचायचे. दाजी ह्यांना "मिल साब" म्हणायचे आणि मला "बहू". नदीच्या घाटावर पत्र्याची एक खोली घेतली. मी काही दिवस तिथे चूल मांडायची, काही दिवस इंदूरला परत. तिथे असले की इथल्या कुलपाची काळजी, इथे असले की तिथल्या पाण्याची. बसमध्ये बसले की तेवढ्यापुरतं बरं वाटायचं, कारण बस हलत असायची.

मिरचीच्या पोत्यांना वजन कमी आणि आकार मोठा. नाव भरली की लांबून लाल टेकडी सरकत येते आहे असं दिसायचं. शिंका तर विचारू नका. पलीकडे पोती भरणाऱ्या बायका माझी थट्टा करायच्या. "ओ मराठन भाभी, पल्लू में मत छींको, नर्मदा मैया भी छींक देगी!" मी हसायची आणि पदर आणखी ओढून घ्यायची. पण त्या बायका मला आवडायच्या. आपण काही बोलावं अशी त्यांची अपेक्षा नसायची, त्याच बोलायच्या.

त्या पहिल्या हिवाळ्यात काम चांगलं चाललं. ह्यांनी वन्संना थोडे पैसे नेऊन दिले. नोटा मिरचीच्या पोत्यांमधून फिरलेल्या. वन्संनी चष्मा लावून मोजायला घेतल्या आणि धडाधड शिंकल्या.

"मेल्या, नोटा आणल्यास की ठेचा?"

हे इतके हसले की मला मिलच्या बोनसचे दिवस आठवले.

पण होळीच्या सुमाराला वन्सं आमच्याकडे आल्या आणि वाटाणे सोलता सोलता म्हणाल्या, "घरमालक वाडा मोडून दुकानं काढणार. मला म्हणाला, माताजी, तुमची खोली तुम्हाला विकत देतो, पण पुढच्या संक्रांतीपर्यंत पैसे टाका. नाहीतर खाली करा. भाव काय झालेत बघा, म्हणतो." एवढं बोलून त्यांनी शेंग मोडली. आमच्याकडे पाहिलं नाही. पैसे मागितले नाहीत. एरवी बारीकसारीक गोष्टीवरून टोचणाऱ्या वन्सं ह्या एका गोष्टीवर गप्प, हे मला सोसेना. त्यांनी ओरडून मागितले असते तर मी रडून मोकळी झाले असते. त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एकच गोष्ट फिरायला लागली. संक्रांतीच्या आत वन्संचे पैसे, नाहीतर ह्या वयात त्यांची खोली जाणार.

आणि तेव्हाच ती चूक झाली.

वैशाखात मिरचीचं काम थांबतं. दाजी नातीच्या लग्नाला गेले, महिना-दीड महिन्यासाठी. हे घाटावर गेले तर काठाशी नाव नाही. बघतात तर कंबरभर पाण्यात तळाला बसलेली, वर फक्त टोक दिसतंय. ह्यांच्या तोंडचं पाणी पळालं. कुणीतरी दावा साधला, नाव बुडवली, असं ह्यांच्या मनाने घेतलं. कुणाला विचारायचं नाही, कारण ज्याला विचारावं त्याचाच संशय. वाळूवर कलिंगडं लावणारे चार गडी धरले, दोर लावले, नाव ओढून बाहेर काढली. मला निरोप आला तशी मीही गेले. दोघांनी मिळून ती आतून-बाहेरून धुतली, पुसली, काठावर ओंडक्यांवर चढवली. मिलमध्ये वर्षाला एकदा मशिनं उघडून, कोरडी करून, तेल देऊन ठेवायचे ना, अगदी तसं. ओल म्हणजे गंज, हे मिलच्या माणसाला लहानपणापासून माहीत. इंदूरहून निळा ऑइलपेंट नेला. लग्नघरासारखी रंगवली. उन्हात अशी चमकायची की येणारेजाणारे थांबून बघायचे. ते हसताहेत हे आम्हाला कळलंच नाही. आम्हाला वाटलं कौतुक चाललंय.

वैशाख आणि अर्धा जेठ नाव त्या उन्हात तापत राहिली.

पावसाच्या आधी पलीकडच्या व्यापाऱ्याला सिमेंट हवं होतं. दाजी यायचे होते, पण ह्यांना थांबवेना. संक्रांत डोळ्यांसमोर. दुसरा एक वल्हेकरी घेतला, नाव पाण्यात लोटली, सिमेंटच्या गोण्या रचल्या. मी काठावर उभी होते. नाव थोडी पुढे गेली आणि वल्हेकऱ्याने ओरडायला सुरुवात केली. फळ्याफळ्यांमधून पाणी येत होतं, एका जागेतून नाही, सगळीकडून. हे सदरा काढून फटीत कोंबत होते. कसेबसे परत काठाला लागले. माणसं वाचली. खालच्या थरातल्या गोण्या मात्र भिजल्या, आणि भिजलेलं सिमेंट काय होतं ते सांगायला नको. व्यापाऱ्याने एकही गोणी सोडली नाही, सगळ्यांची भरपाई घेतली. वन्संसाठी बाजूला ठेवलेलं होतं ते गेलं.

दोन दिवसांनी दाजी आले. नाव बघितली, निळा रंग बघितला, फटीत बोट घालून बघितलं. मग खाली वाळूत बसले आणि पोट धरून हसायला लागले.

"मिल साब, ये क्या किया? नाव को पापड़ समझ लिया? धूप में सुखा दी!"

"दाजी, किसी ने डुबा दी थी," हे म्हणाले.

"किसी ने नहीं, मैंने डुबाई थी। गरमी में नाव को पानी में बिठा के जाते हैं, नहीं तो लकड़ी फट जाती है। यहाँ का बच्चा-बच्चा जानता है।"

"मुझे बताया क्यों नहीं?"

"अरे, ये भी कोई बताने की बात है?" म्हणाले, आणि एकदम हसायचे थांबले. ह्यांचा चेहरा बघितला असावा.

मग दाजींनी जे करायला लावलं ते मी जन्मात विसरणार नाही. नाव पुन्हा उथळ पाण्यात नेली आणि बुडवायला घेतली. पण सुकलेलं लाकूड तळाला बसेना, वर वर येई. वजन हवं होतं. दाजींनी दगड झालेल्या सिमेंटच्या गोण्यांकडे बोट केलं. ज्या गोण्यांनी आमचं नुकसान केलं त्याच ह्यांनी एक एक करून नावेत ठेवल्या. पाणी नावेच्या कडेवरून आत यायला लागलं, निळा रंग हळूहळू खाली गेला आणि वर नुसती नदी राहिली. वन्संचे पैसे त्या पाण्याखाली आणि आम्ही दोघं काठावर, हात रिकामे. आता काही करायचं नाही, नुसतं थांबायचं, असं दाजी म्हणाले. तेच तर आम्हाला येत नव्हतं. हे पाण्याच्या कडेने वरखाली चालायचे. मी दर थोड्या वेळाने जाऊन वाकून बघायची, जसं काही पातेल्यात दूध ठेवलंय.

लाकूड फुगलं. नाव बाहेर काढली तर बऱ्याच फटी मिटल्या होत्या. ज्या राहिल्या त्यांत कापूस भरून वरून डांबर द्यायचं होतं. दाजी कापसाचे बोळे करत होते. मी न बोलता शेजारी बसले आणि लांब वाती वळायला घेतल्या. आमच्याकडे महादेवाला लाखाची वात करतात, माझ्या बोटांना तेवढी एक सवय होती. दाजींनी एक वात ओढून बघितली आणि बोळे बाजूला सारले. दोन दिवस मी वळत होते आणि ते फटीत ठोकत होते. त्या दोन दिवसांत मला बरं वाटलं होतं.

मग पाऊस लागला आणि नदी चढली. नाव वर ओढून बांधली, आम्ही इंदूरला. ते महिने फार वाईट गेले. हे एका गोदामात रात्रपाळीला लागले. वन्सं यायच्या तेव्हा पिशवीत घरातली एखादी वस्तू घेऊन यायच्या. एकदा पितळी डबा, एकदा पूजेचा पाट. "ठेव तुझ्याकडे, मला कशाला हवंय एवढं सगळं." खोली सोडायची तयारी त्या अशी थोडी थोडी करत होत्या. मी त्या वस्तू घेऊन आत जायची आणि ठेवायला जागा सुचायची नाही.

दिवाळीनंतर काम पुन्हा सुरू झालं, आधी कापूस, मग मिरची. नाव आता एक थेंब पाणी घेत नव्हती. हे राबराब राबले. एवढं समाधान ह्यांच्या चेहऱ्यावर मी मिल सुटल्यापासून पाहिलं नव्हतं. उभे राहायचे ते नावेच्या टोकावर पाय रोवून, एकदाही न हलता, आणि खालून नदी हलायची. पण मार्गशीर्ष संपत आला तेव्हा मला कळलं की संक्रांतीपर्यंत पुरे पडत नाही. ह्यांनाही कळलं असणार. ते म्हणायचे, "घरमालक थांबेल. आपण सांगू त्याला." घरमालक थांबणारा नव्हता. बाजूच्या दोन खोल्या पाडूनही झाल्या होत्या.

अशात दाजींचा थोरला मुलगा पिथमपूरहून परत आला. ठेकेदाराने माणसं कमी केली होती. तो रोज काठावर येऊन नावेकडे बघत बसायचा. एक दिवस तिघं खोलीपुढे जेवायला बसले होते, हे, दाजी आणि तो मुलगा. मी वाढत होते.

तो म्हणाला, "भाई साब, नाव वापस दे दो। फॅक्टरी का पैसा मिला है। जितने में ली थी, उतने तो दूँगा ही।"

ह्यांनी ऐकलं नसल्यासारखं केलं. "भाजी वाढ," मला म्हणाले.

"सोच लो," तो म्हणाला.

"इसमें सोचना क्या है? बेचनी नहीं है।"

दाजी ताटाकडे बघत होते. मी भाजीचं पातेलं हातात घेऊन उभी. मला वन्संचा पूजेचा पाट दिसत होता. परक्या पुरुषासमोर मी कधी तोंड उघडलं नव्हतं. आवाज मला स्वतःला ओळखू आला नाही.

"पैसे कब दोगे?" मी विचारलं.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. मुलगा जरा सावरून बसला. "भाभी, कल। नगद।"

"रंग भी नया है। और कपास भरा है। थोड़ा ऊपर देना पड़ेगा।"

दाजी खुदकन हसले. "बहू बोली! अब तो देना पड़ेगा, बेटा।"

हे ताटावरून उठले. पाण्याच्या कडेला जाऊन पाठमोरे उभे राहिले. मी मागे गेले.

"तू कोण नाव विकणारी?"

"वन्संची खोली जाईल."

"मला माहीत नाही होय? दोन महिने दे मला. दोनच महिने."

"दोन महिन्यांनी त्या कुठे राहतील?"

ते नावेकडे वळले. नाव समोर बांधलेली होती आणि लाटेबरोबर ओढ घेत होती. मग म्हणाले, "मला परत घरी पुढच्या खोलीत चकरा मारायच्या नाहीत गं." मला ह्यांच्या पाठीवर हात ठेवावासा वाटला, पण घाटावर माणसं होती. मी म्हटलं, "मलाही नाही."

दुसऱ्या दिवशी व्यवहार झाला. बसमध्ये हे खिडकीशी बसले. पैसे माझ्या पोटाशी, नेसत्या लुगड्याच्या आत बांधलेले. महूला बस थांबली तेव्हा उतरून दोन चहा घेऊन आले, एक माझ्या हातात दिला. म्हणाले, "थोडं वर मागितलंस, ते बरं केलंस."

घरी न जाता तसेच बडा गणपतीला गेलो. वन्संच्या खोलीत सामान म्हणून आता फार काही राहिलं नव्हतं. त्या खाटेवर बसून स्वेटर उसवत होत्या. ह्यांनी पैसे खाटेवर ठेवले.

"हे काय?"

"तुझे. राहिलेले सगळे."

"आणि नाव?"

"दिली."

वन्संनी लोकर खाली ठेवली. ह्यांच्याकडे बघत राहिल्या. मला वाटलं, आता टोचतील. त्यांनी चष्मा शोधला, लावला, परत काढला. मला म्हणाल्या, "तू मोज. माझ्याच्याने आत्ता होत नाही." मी जमिनीवर बसून मोजले आणि मोठ्याने सांगितले. त्यांनी मान हलवली, पैसे पदरात घेतले, आणि भावाला म्हणाल्या, "चल माझ्याबरोबर वर. मी एकटी गेले तर तो मेला पुन्हा उद्या या म्हणेल."

दोघं जिना चढून घरमालकाकडे गेले. मी खाली उभी राहिले. बाजूला पाडलेल्या भिंतींच्या विटा रचून ठेवल्या होत्या. वरून घरमालकाचा आवाज आला, "बैठिए माताजी, बैठिए, रसीद बनाता हूँ।" मग वन्सं जिन्याच्या वरच्या पायरीवर आल्या आणि तिथूनच मला म्हणाल्या, "झालं गं, खोली माझी झाली. तुमचं-माझं आता काही देणंघेणं नाही. तुमच्याकडे माझा एक पैसा राहिला नाही."